थॉमस : नाव कोणाचे आणि अर्थ काय?



स्नानसंस्काराचा विधी सुरू होतो तेव्हा धर्मगुरू आईवडिलांना सर्वांत आधी काय विचारतात, हे आपणा सर्वांना ठाऊक आहे. बाळाचे नाव काय ठेवले, असे ते विचारतात. पाणी, पवित्र तेल, पांढरे वस्त्र, पेटती मेणबत्ती हे सारे त्यानंतर येते. आधी येते ते नाव. म्हणूनच बाळाचे नाव हा केवळ हौसेचा किंवा पाहुण्यारावळ्यांत मिरवण्याचा विषय नाही. तो श्रद्धेचाही विषय आहे. आज आपण एकाच नावाचा थोडा अभ्यास करू या. ते नाव म्हणजे थॉमस.

हेच नाव निवडण्याची कारणे आहेत. सातारा-सांगलीच्या आपल्या भागात हे नाव कोणाच्या आजोबांचे असते, कोणाच्या मामांचे, तर कोणाच्या शेजाऱ्याचे. मात्र नव्या आईवडिलांना ते ठेवताना दोन अडचणी वाटतात. पहिली अडचण बाहेरची. शाळेत, कचेरीत, कधी एस.टी.च्या प्रवासातही कोणीतरी विचारते, "तुम्ही तर मराठी बोलता, मग नाव इंग्रजी कसे?" विचारणाऱ्याच्या मनात नेहमीच वाईट हेतू असतो असे नाही, पण आपल्याला उत्तर सुचत नाही आणि मन खट्टू होते. दुसरी अडचण घरातली. धर्मशिक्षणाच्या वर्गात मुले शिकतात की थॉमस हे संशय घेणारे शिष्य होते. मग आईला वाटते, संशय घेणाऱ्याचे नाव आपल्या लेकराला कशाला? या दोन्ही प्रश्नांची उत्तरे आपल्याजवळ असायला हवीत.

१. हे नाव इंग्रजी आहे का?

आपल्याच भागातील उदाहरण घेऊ. मिरजेच्या प्रसिद्ध मिशन इस्पितळाचे संस्थापक डॉ. विल्यम वॉन्लेस हे मूळचे कॅनडाचे, प्रेस्बिटेरियन पंथाचे. १८९४ साली त्यांनी सुरू केलेल्या इस्पितळामुळे मिरजेचे नाव दूरवर पोचले. सांगली आणि मिरज यांच्यामध्ये असलेली वानलेसवाडी आजही त्यांची आठवण देते. त्यांचे 'विल्यम' हे नाव युरोपातले आहे. जर्मन कुळातील जुन्या भाषांतून ते आले. निर्धार आणि शिरस्त्राण अशा अर्थाचे दोन शब्द त्यात जोडलेले आहेत.

थॉमस या नावाचे तसे नाही. ते प्रभू येशूच्या स्वतःच्या बोलीतले आहे. गालीलात लोक अरामी भाषा बोलत. त्या भाषेत 'तोमा' म्हणजे जुळा. म्हणजे हे नाव युरोपचे नसून आशिया खंडातले आहे, आपल्याच बाजूचे आहे.

त्याचा प्रवासही पाहा. केरळातील ख्रिस्ती लोकांच्या परंपरेनुसार प्रेषित संत थॉमस सन ५२ मध्ये मलबारच्या किनाऱ्यावर उतरले आणि सन ७२ मध्ये आजच्या चेन्नईतील मैलापूर येथे त्यांनी श्रद्धेसाठी प्राण दिले. इंग्लिश लोकांना शुभवार्ता सांगण्यासाठी पोप ग्रेगरी यांनी पाठवलेले संत ऑगस्टीन कँटरबरीला पोचले ते ५९७ साली. परंपरेचा हिशोब धरला तर थॉमस हे नाव भारतात आले त्यानंतर पाचशेहून अधिक वर्षांनी ते मिशनरी इंग्लंडात पोचले. तेव्हा आमच्या नावाला इंग्रजी म्हणणाऱ्याला आपण हसतमुखाने सांगावे, "दादा, हे नाव इंग्रजांच्याही आधी आमच्या देशात आले आहे."

केरळातून नोकरीसाठी आपल्याकडे आलेल्या कुटुंबांत हे नाव थोमा, थोम्मन, माम्मन अशा रूपांतही आढळते. अनेकदा ते मुलाच्या नावापुढे आडनावासारखे लागते. आपल्याकडे गायकवाड, साळवे किंवा डिसोजा असते त्या जागी त्यांच्याकडे थॉमस असते. ते वडिलांचे किंवा आजोबांचे नाव असते. हे कळले म्हणजे शाळेतल्या मुलांचा एक गोंधळ कमी होईल.

उच्चाराबद्दलही एक गोष्ट सांगू. इंग्रज माणूस 'टॉमस' म्हणतो, आपण 'थॉमस' म्हणतो. काही शिकलेली मंडळी आपला उच्चार सुधारू पाहतात. त्याची गरज नाही. शुभवर्तमान ज्या ग्रीक भाषेत लिहिले गेले, तिच्यात हे नाव ज्या अक्षराने सुरू होते त्याचा जुना उच्चार आपल्या 'थ'च्या जवळ जाणारा होता. मराठी पवित्र शास्त्रातही 'थोमा' असेच लिहिलेले आपण वाचतो. तेव्हा थॉमस म्हणताना संकोच नको.

२. जुळा, पण कोणाचा?

योहानकृत शुभवर्तमानात संत थॉमस यांचा उल्लेख करताना त्यांना दिदुम म्हणत, असे तीन वेळा सांगितले आहे. दिदुम हा ग्रीक शब्द आहे. त्याचाही अर्थ जुळा असाच होतो. आपल्या खेड्यातली जुनी माणसे जुळ्यांना 'जावळे' म्हणतात. तोच हा शब्द समजा.

पण ते कोणाचे जुळे भाऊ होते? चारही शुभवर्तमानांत त्यांच्या भावाचे वा बहिणीचे नाव नाही. ती जागा रिकामी आहे, आणि त्या रिकाम्या जागी आपण स्वतःला ठेवून पाहावे. प्रभूवर प्रेम आहे, पण काही गोष्टी कळत नाहीत. त्याच्यामागे जायचे आहे, पण वाट दिसत नाही. इतरांनी सांगितलेले ऐकले आहे, पण स्वतः अनुभवलेले नाही. अशी ज्याच्या मनाची स्थिती आहे तो प्रत्येक जण संत थॉमस यांचा जावळा भाऊ किंवा बहीण आहे. या नावाची खरी ओढ इथे आहे. ते नाव परिपूर्ण माणसाचे नाही, आपल्यासारख्या माणसाचे आहे.

३. संशयी की प्रामाणिक?

संत थॉमस यांच्याविषयी आपण एकच प्रसंग लक्षात ठेवतो. शुभवर्तमानात त्यांचे बोलणे तीन प्रसंगी येते. ते तिन्ही एकत्र वाचावेत.

पहिला प्रसंग लाजरच्या मृत्यूचा (योहान ११). यहुदीयात परत जाणे धोक्याचे होते. थोड्याच दिवसांपूर्वी तिथे प्रभूला दगडमार करण्याचा प्रयत्न झाला होता. शिष्य घाबरले. तेव्हा थॉमस इतरांना म्हणाले की आपणही जाऊ या आणि त्याच्याबरोबर मरू या. भित्र्या माणसाच्या तोंडून असे शब्द निघत नाहीत.

दुसरा प्रसंग शेवटच्या भोजनाचा (योहान १४). प्रभू आपल्या जाण्याविषयी बोलत होता. शिष्यांना काही उमगत नव्हते, तरी बाकीचे गप्प होते. थॉमस यांनी सरळ सांगितले की तू कुठे जातोस हेच आम्हाला ठाऊक नाही, तर वाट कशी कळणार? त्या प्रश्नामुळेच प्रभूने आपण मार्ग, सत्य आणि जीवन असल्याचे सांगितले. थॉमस गप्प राहिले असते तर ख्रिस्तसभेला ते अनमोल उत्तर त्या वेळी मिळाले नसते. प्रश्न विचारणे म्हणजे श्रद्धा नसणे, असे समजणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे.

तिसरा प्रसंग पुनरुत्थानानंतरचा (योहान २०). दरवर्षी पुनरुत्थान काळातील दुसऱ्या रविवारी आपण तो मिस्सामध्ये ऐकतो. इतरांना प्रभू दिसला तेव्हा थॉमस तिथे नव्हते. खिळ्यांच्या खुणा पाहिल्याशिवाय, जखमेत बोट घातल्याशिवाय मी विश्वास ठेवणार नाही, असे ते म्हणाले. इथे दोन गोष्टींकडे आपले लक्ष जात नाही. एक, इतर शिष्यांनाही प्रभूने आपले हात आणि कूस दाखवलीच होती. त्यांना जे मिळाले तेवढेच थॉमस मागत होते. दुसरी, शंका असूनही ते मंडळी सोडून गेले नाहीत. आठ दिवसांनी ते त्याच खोलीत इतरांबरोबर होते, आणि इतरांनीही त्यांना बाहेर काढले नव्हते. प्रभू आला, त्याने आपल्या जखमा पुढे केल्या. त्यानंतर थॉमस यांनी खरोखर बोट घातले असे शुभवर्तमानात कुठेही लिहिलेले नाही. त्यांनी येशूला आपला प्रभू आणि आपला देव म्हटले, एवढेच लिहिले आहे. इतकी स्पष्ट कबुली शुभवर्तमानात क्वचितच आढळते.

म्हणून आपल्या मुलांना आपण असे शिकवावे : संत थॉमस यांनी खोटा होकार दिला नाही, आणि खरे कळले तेव्हा अर्धा होकारही दिला नाही.

४. इंग्लंडात हे नाव कसे रुजले?

मग हे नाव इंग्रजी म्हणून का ओळखले जाते? कारण इंग्लंडात ते फार लोकप्रिय झाले. १०६६ मधील नॉर्मन विजयापूर्वी ते तिथे बहुधा धर्मगुरू आणि मठवासी यांच्यापुरतेच होते. पुढे कँटरबरीचे आर्चबिशप थॉमस बेकेट यांनी राजा दुसरा हेन्री याच्यासमोर ख्रिस्तसभेच्या हक्कांची बाजू धरली. २९ डिसेंबर ११७० रोजी राजाच्या सरदारांनी त्यांना कॅथिड्रलमध्येच ठार केले. ११७३ मध्ये त्यांना संत घोषित करण्यात आले. त्यांच्या कबरीकडे यात्रेकरूंची रीघ लागली आणि घरोघरी मुलांना त्यांचे नाव दिले जाऊ लागले. थॉम्सनसारखी आडनावेही यातूनच निघाली. थॉम्सन म्हणजे थॉमसचा मुलगा.

पुढे राजा आठवा हेन्री याच्या दरबारात तर वूल्झी, मोर, क्रॉमवेल आणि क्रॅन्मर या चारही बड्या माणसांचे नाव थॉमसच होते! त्यांच्यापैकी संत थॉमस मोर हे राज्याचे चॅन्सलर. राजाला ख्रिस्तसभेचा प्रमुख मानण्याची शपथ त्यांनी सद्सद्विवेकाला स्मरून नाकारली आणि ६ जुलै १५३५ रोजी त्यांचा शिरच्छेद झाला. १९३५ मध्ये ते संत झाले आणि २००० मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी त्यांना राज्यकर्ते व राजकारणी यांचे आश्रयदाते संत घोषित केले. त्यांच्यावर दबाव आणणाऱ्यांत थॉमस क्रॉमवेल आघाडीवर होते. नाव एकच, वागणे दोन प्रकारचे. यातून आपण शिकावे की नाव ही देणगी आहे, हमी नाही. नावाप्रमाणे जगावे लागते.

इंग्लंडच्या बाहेरही या नावाची मोठी माणसे झाली. इटलीचे संत थॉमस अॅक्वायनस (१२२५-१२७४) हे ख्रिस्तसभेचे थोर आचार्य. त्यांच्या प्रमुख ग्रंथात प्रत्येक विषयाची सुरुवात विरुद्ध बाजूच्या शंकांनी होते. आधी शंका मांडायची, मग उत्तर द्यायचे. प्रेषिताचे नाव त्यांनी असे सार्थ केले.

५. मराठीचे तीन थॉमस

आता आपल्या भाषेकडे वळू. ज्या नावाला परके म्हटले जाते, त्या नावाच्या माणसांनी मराठीसाठी काय केले, हे आपल्या मुलांना माहीत असायलाच हवे.

पहिले फादर थॉमस स्टीफन्स. इंग्लंडातील विल्टशर परगण्यात जन्मलेले हे येशूसंघीय धर्मगुरू १५७९ साली गोव्याला पोचले आणि १६१९ मध्ये मृत्यू येईपर्यंत, म्हणजे चाळीस वर्षे, इथेच राहिले. त्यांचे 'ख्रिस्तपुराण' १६१६ साली गोव्यात छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ. ज्ञानेश्वर-एकनाथांच्या ओवीछंदात त्यांनी प्रभू येशूची कथा सांगितली आणि मराठी भाषेची तोंड भरून स्तुती केली. या ग्रंथाची मांडणीही पाहण्यासारखी आहे. श्रोते शंका विचारतात आणि पाद्री उत्तर देतो. शंका विचारणाऱ्याला गप्प बसवलेले नाही. त्याला मानाने उत्तर दिलेले आहे. १९५६ मध्ये शांताराम बंडेलू यांनी हा ग्रंथ देवनागरीत प्रसिद्ध केला, त्यामुळे तो आपल्याला वाचता येतो.

दुसरे मेजर थॉमस कँडी. हे कॅथलिक नव्हते, पण मराठी भाषकांनी त्यांचे ऋण मानले पाहिजे. जेम्स थॉमस मोल्सवर्थ यांच्या मराठी-इंग्रजी कोशाच्या कामात त्यांचा हात होता. १८४७ मध्ये इंग्रजी-मराठी कोश पूर्ण झाला तो त्यांच्या परिश्रमांमुळे. शाळेच्या पुस्तकांची मराठी त्यांनी तपासली आणि विरामचिन्हांवर मराठीत १८५० साली पुस्तिका लिहिली. आज आपण वाक्याच्या शेवटी पूर्णविराम देतो आणि प्रश्नापुढे प्रश्नचिन्ह काढतो, ही सवय मराठीला लावण्यात त्यांचा मोठा वाटा आहे. थॉमस नावाच्या माणसाने मराठीत प्रश्नचिन्ह रुजवावे, हा योग पाहून आम्हाला तर गंमत वाटते. १८७७ साली त्यांचे निधन झाले ते आपल्या सातारा जिल्ह्यातील महाबळेश्वर येथे.

तिसरे आपल्या अगदी जवळचे. बिशप थॉमस डाबरे हे वसईच्या मातीतले, मराठी मातृभाषेचे. १९९८ मध्ये ते वसई धर्मप्रांताचे पहिले बिशप झाले. २००९ ते २०२३ या काळात त्यांनी आपल्या पुणे धर्मप्रांताची धुरा वाहिली. संत तुकाराम महाराजांच्या ईश्वरानुभवावर त्यांनी संशोधन केले आणि तो ग्रंथ १९८७ मध्ये प्रसिद्ध झाला. थॉमस नावाचा ख्रिस्ती धर्मगुरू तुकोबांचा अभ्यास करतो, यापेक्षा हे नाव मराठी झाल्याचा वेगळा पुरावा कशाला हवा?

६. मुलाचे नाव ठेवताना

हे सारे वाचून प्रत्येकाने मुलाचे नाव थॉमसच ठेवावे असे आम्हाला मुळीच सुचवायचे नाही. १९१७ च्या धर्मसंहितेत ख्रिस्ती नावाचा आग्रह होता; पालकांनी दुसरे नाव ठेवले तर धर्मगुरूंनी एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नावे नोंदवावीत असा नियम होता. १९८३ च्या संहितेत (कलम ८५५) एवढेच सांगितले आहे की नाव ख्रिस्ती भावनेला परके नसावे, आणि याची काळजी आईवडील, धर्ममातापिता व धर्मगुरू यांनी घ्यावी. त्यामुळे आनंद, करुणा, प्रकाश, आशा ही मराठी नावेही तितकीच ख्रिस्ती ठरू शकतात. थॉमस ठेवणाऱ्याने आनंदला कमी लेखू नये आणि आनंद ठेवणाऱ्याने थॉमसला परके म्हणू नये.

तरीही काही व्यावहारिक सूचना कराव्याशा वाटतात.

एक, नावाचा अर्थ आणि त्या संताची कथा मुलाला घरीच सांगा. वर्गात कोणी चिडवण्याआधी त्याला ती ठाऊक असली पाहिजे.

दोन, लाडाने हाक मारताना जरा जपा. इंग्लंडात थॉमसचा 'टॉमी' होतो. आपल्याकडे टॉमी म्हटले की गल्लीतले कुत्रे शेपूट हलवत येते! लहान पोराला याचा फार त्रास होतो. पूर्ण नावाने हाक मारावी किंवा 'थोमा' म्हणावे. ते अस्सलही आहे.

तीन, चर्चच्या नोंदवहीत एक नाव, जन्मदाखल्यावर दुसरे आणि शाळेत तिसरे असे होऊ देऊ नका. पुढे लग्नाच्या वेळी किंवा नोकरीच्या कागदपत्रांत मुलांनाच हेलपाटे घालावे लागतात. दोन नावे ठेवायची असतील तर दोन्ही सगळीकडे सारखी लिहा.

चार, नावाचा सण साजरा करा. प्रेषित संत थॉमस यांचा सण ३ जुलैला येतो. आपल्या लॅटिन पंचांगात तो पूर्वी २१ डिसेंबरला असे, १९६९ च्या सुधारणेनंतर ३ जुलैला आला. केरळच्या सिरियन परंपरेत याच दिवसाला 'दुक्राना' म्हणतात. वाढदिवसाला केक असतोच. या दिवशी मुलाला मिस्साला न्यावे आणि योहानकृत शुभवर्तमानाचा विसावा अध्याय घरी मोठ्याने वाचावा. तेवढे पुरे.

शेवटी पालकांना आणि आजी-आजोबांना एक विनंती. आपली मोठी होत असलेली मुले आता प्रश्न विचारतात. मिस्सा कशाला? पापनिवेदन कशाला? देव आहे तर दुःख का? अशा वेळी त्यांना रागावून गप्प केले तर ती प्रश्न विचारणे थांबवतील, आणि हळूहळू यायचेही थांबतील. संत थॉमस यांना त्या खोलीत जागा मिळाली म्हणून तिथेच त्यांना प्रभू भेटला. आपल्या घरात आणि आपल्या चर्चमध्ये अशी जागा आहे का, हे आपण पाहायला हवे.

घरी चर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या नावाचा अर्थ काय? ते कोणी आणि का ठेवले? घरातील वडीलधाऱ्यांना विचारा.
२. संत थॉमस यांच्या तीन प्रसंगांपैकी कोणता प्रसंग मला माझा वाटतो?
३. गेल्या महिन्यात मुलांनी श्रद्धेविषयी कोणता प्रश्न विचारला? आपण काय उत्तर दिले?

प्रार्थना

हे प्रभू येशू, तू आम्हा प्रत्येकाला नावाने ओळखतोस. प्रेषित संत थॉमस यांच्याप्रमाणे आम्हाला प्रश्न विचारण्याचा प्रामाणिकपणा दे, उत्तर मिळेपर्यंत तुझ्या मंडळीत टिकून राहण्याचे बळ दे आणि तू भेटलास म्हणजे पूर्ण मनाने तुझा स्वीकार करण्याची कृपा दे. आमेन.